दीर्घ दी

पारव्यांची जाळी लावायला मुबीन तांबोळी आला
कोंढव्याहून, स्कूटरवर ड्रिल आणि नायलॉनचं भेंडोळं घेऊन.
माझ्या छातीच्या फोटोवर बोट ठेवून डॉक्टर म्हणाले होते,
ही धूळ त्यांच्या पिसांची. बंद करा बाल्कनी.

दोन भोकं पाडून झाली, आणि एसीच्या मागे
चार काड्या, वायरचा एक तुकडा,
त्यावर ती, फुगून बसलेली.
(घरटं म्हणजे काय, हे या जातीला कधी कळलंच नाही.)

त्यानं ड्रिल खाली ठेवलं.
मॅडम, पिल्लू आहे. पंधरा दिवसांनी येतो.
अहो, धंदा तुमचा जाळीचा,
असं करत बसलात तर खाल काय?
हसला. म्हणाला, मुलीचं नाव हदील आहे.

मी चहा टाकला.

ती झाली तेव्हा वरच्या खोलीत यमनचा पोरगा राहायचा,
वज्दी, फार्मसीच्या दुसऱ्या वर्षाला.
तिकडे युद्ध, घरून पैसे थांबलेले.
भाडं थकलं म्हणून चपला हातात घेऊन जिना चढायचा.
अकीक्याला द्यायला त्याच्याकडे काही नव्हतं,
म्हणून त्यानं नाव दिलं.

हदील म्हणजे कबुतराचा आवाज.
नुसता आवाज नाही, मॅडम.
नूह नबींच्या काळात एक पिल्लू होतं, त्याचं नाव हदील.
ससाण्यानं नेलं.
तेव्हापासून जगातलं प्रत्येक कबुतर त्यालाच हाक मारतंय.

आपल्याकडे पारवा घुमतो.
अंगात आलेली बाई घुमते, रिकाम्या घागरीत वारा घुमतो.
कोण हरवलंय, हे आपण विचारलं नाही.

एकतीस वर्षं नाना पेठेतल्या शाळेत मी दाखले लिहिले.
खिडकीतून हात बाहेर, पुढचा, पुढचा, लवकर.
मी विचारलं, शाळेत काय लावलंय नाव?
आदिल, तो म्हणाला. मुलगा समजले.
दोनदा अर्ज दिला. आता चौथीत आहे.

चष्मा सापडेना. सापडला.
प्रति, माननीय मुख्याध्यापक, विषय, महोदय,
सगळं हाताला पाठ.
ह. द ला दुसरी वेलांटी. ल.
मुबीननं सही केली, कागदावर भिंतीचा भुगा सांडला.

आणि वज्दी?
माहीत नाही. नंबर लागत नाही.

पहाटे खोकत उठले.
एसीमागे तिचं सुरू झालं होतं.
माझं कुणी हरवलेलं नाही, म्हणून निवांत ऐकत होते,
तर एकेक रजिस्टर उघडायला लागलं,
कुठलं पान, कितवी ओळ,
कुणाचा काना मी गिळला,
कुणाची वेलांटी.