साठ अंश

धाकट्या ओजसच्या पांढऱ्या शर्टावर काळे ठिपके आले,
बाहीवर, खिशावर,
एक नेमका शाळेच्या बिल्ल्याखाली.
तनुजा म्हणाली, माझीच डांगरी, चुकून टाकली मी.
आणि गेली घणसोलीला,
सतराव्या मजल्यावर अडकलेली लिफ्ट सोडवायला.

रविवार दुपार, कोपरखैरणे.
मी मशीनसमोर मांडी घालून.
रबराची कड उलटी केली तर आत
काजळीसारखं मेण, केस,
एक वॉशर (हा आमचाच, सहा एमएमचा),
एनएमएमटीच्या तिकिटाचा लगदा.
जुना टूथब्रश फिरवतो, तेवढंच पसरतं.
ग्रीस निघत नाही, जागा बदलतं.

"रॉकेल आहे का गं कुठे?"
सुनंदा खाटेवर, मनगट प्लॅस्टरमध्ये.
"खबरदार! मशीन आहे ते, बादली नाही."

थोड्या वेळानं म्हणाली,
"रबाळ्याला होतात तेव्हा
तुमच्या पँटी कशा निघत होत्या वाटतं?"

एकवीस वर्षं लेथवर.
दर सोमवारी घडीची पँट खुर्चीच्या पाठीवर.
मला वाटायचं, साबण चांगला आहे.

"पहाटे, मोरीत. आधी रॉकेल, मग सोडा, मग ऊन.
हाताचा वास दिवसभर जायचा नाही,
म्हणून भाकऱ्या आधी थापून घ्यायचे."

मी ब्रश धुतला. उगाच दोनदा धुतला.

मग तिच्या सांगण्यावरून:
धुण्याचा सोडा दोन वाट्या,
भांड्यांच्या साबणाचं एक झाकण,
साठ अंश.
आणि रिकामं नाही फिरवायचं,
दोन फाटकी बनियनं टाका, काळं ओढून घेतील.
काचेतून बघत बसलो.
पहिलं पाणी कोऱ्या चहासारखं.
दुसरं पाहवेना.
तिसऱ्याला आपली बनियनं ओळखू आली.

तनुजा आली सातला,
कोपरापर्यंत काळी, उपाशी.
"बाबा, ती डांगरी ठेवा, मी धुते."
मी बादली पुढे ओढली.
"खिसे बघा आधी," खाटेवरून.

खिशात कागदात बांधलेला पेढा.
लिफ्टमधल्या आजोबांनी दिला म्हणे,
बाहेर येताना पाय थरथरत होते त्यांचे.
एका बाजूनं तेलकट झालेला.

ती बाजू काढून टाकली मी.
बोटांना सोड्याचा वास होता.
सुनंदानं आ केला.