ड्रेसिंग

मुलीचा फोन आला बडोद्याहून:
बाबा, आईच्या पानात रोज काहीतरी कच्चं हिरवं वाढा.
नुसतं खात नसेल
तर वरून ड्रेसिंग करून घाला.

मी म्हटलं, ते तर करतोच आहे.
सकाळी साडेसातला, तिची आंघोळ झाली की,
डाव्या पायाच्या अंगठ्याला.

ती हसली. मग गप्प झाली.
ते नव्हे हो बाबा, म्हणाली.

एकतीस वर्षं अलिबागच्या सरकारी दवाखान्यात
माझ्या हुद्द्याचं नावच ड्रेसर.
कोयत्याचे, गळाचे, कालवांच्या खडकाचे,
होळीत भाजलेले, एसटीच्या दारात चेमटलेले
सगळे हातपाय माझ्या टेबलावरून गेले.
आक्षीच्या एकाने तर तुटलेलं बोट
रुमालात बांधून आणलं, वर होडीतला बर्फ,
बर्फाला पापलेटचा वास.
पण काकडीला ड्रेसिंग करा
असं आजवर कुणी म्हटलं नव्हतं.

पडवीच्या वाशाला माळ आहे.
नेहुलीच्या आमच्या तुकड्यातले कांदे,
भात निघाल्यावर लावलेले, पांढरे.
दरवर्षी वेणी कुंदा घालते.
यंदा तिला उकिडवं बसवत नाही,
मी घातली. सैल झाली.
रात्री एखादा कांदा धप्प करून खाली येतो
आणि ती झोपेतच म्हणते, मोजा.

काल पडलेला तोच घेतला, जोडीला एक तोडला.
हा कांदा डोळ्यांशी भांडत नाही.
डॉक्टरांनी साखर बंद केली, गूळ बंद केला,
चिकू तर दारातूनसुद्धा नको म्हणाले.
कांद्याचं नाव त्यांच्या कागदावर नव्हतं.
मी दोनदा वाचलं, चष्मा पुसून.

एक गॅसवर सालीसकट भाजला, काळा होईस्तोवर.
दुसरा सोलायला घेतला
आणि शेवटच्या पापुद्र्याशी हात आपोआप हळू झाले.
चिकटलेलं गॉज असंच सोडवतात,
कडेकडेने,
माणसाला त्याच्या गावची जत्रा विचारत विचारत.
कांद्याला काय विचारणार.

आमसुलं रात्रीच भिजवली होती, चार.
मोहरी खलात. पहिल्या खेपेला जास्त फेसली,
सगळं कडू झालं, केळीच्या बुंध्याशी ओतलं.
दुसऱ्या खेपेला मोहरी बेताची,
नारळाचं पहिलं दाट दूध, मीठ,
मिरची अर्धी, तीही भीत भीत.
मिक्सर थांबवून झाकण काढलं
आणि रंग बघून तसाच उभा राहिलो.

फिका गुलाबी.
भरत आलेली जखम कडेने असा रंग धरते.
तो दिसला की मी पेशंटला सांगायचो,
आता उद्या नको, परवा आलात तरी चालेल.

कुंदाच्या अंगठ्याने अजून धरलेला नाही.

ती पाय स्टुलावर ठेवून बसलेली.
हे काय, म्हणाली, सोलकढीला ताप आला?
बोटाने चाखलं.
परत चाखलं.
साखर घातलीत.
नाही.
मग गूळ. माझ्या गळ्याशपथ सांगा.
नाही गं, कांदाच आहे.
तिने वाशाकडे पाहिलं, माळेच्या सैल गाठींकडे,
आणि त्याबद्दल, नशीब, काही बोलली नाही.
काकडी संपली.
मुळ्याचा पाला, जो लग्नापासून तिने
माझ्या ताटात सरकवला,
तोही वाटी पुसून पुसून गेला.

मी वाटी घासली. हात धुतले,
कोपरापर्यंत, नखांच्या खाली,
सवय जात नाही.

रात्री पडवीत धप्प.
मोजा, ती म्हणाली. या वेळी जागी होती.
उठून, बॅटरी लावून मोजले.
सव्वीस.
आणि खाली पडलेला?
तो उद्याचा, म्हटलं.