चौथी बीप

ब्रिस्टल. गालिच्यांच्या दुकानाखालचं तळघर.
वर कुणी गालिचा उलगडला की
आमच्या छतावर काहीतरी मोठं कूस बदलतं
आणि मी रेकॉर्डिंग थांबवतो.

काचेपलीकडे नेरिस प्रोबर्ट, वय एकसष्ट.
बटणांचा आवाज माइकला जातो म्हणून स्वेटर खुंटीला,
गालात हिरव्या सफरचंदाची फोड,
त्याने जीभ चिकटत नाही, असं तिचं म्हणणं.
ती सहा वर्षांचं पाणमांजर आहे.

पिल्लाचं नाव टॉगल. मूळचं कॅनडाचं.
तिकडे त्याला एका खऱ्याच लहान मुलीने आवाज दिला होता,
ती आता, हिशेबाने, कॉलेजात असेल.
इथल्या चॅनेलला तिचं बोलणं नको:
आपली पोरं बिघडतात,
कचऱ्याच्या गाडीला भलतंच काही म्हणतात,
शाळेतून चिठ्ठ्या येतात.
चित्रं तीच ठेवायची. जिभा तेवढ्या बदलायच्या.

सकाळचा अर्धा तास कुकीत गेला.
कुकी म्हणताना ओठ मिटत नाहीत.
बिस्किट म्हणायचं तर आधी मिटावे लागतात,
आणि पडद्यावर टॉगलचं तोंड सताड उघडं.
फिनेला पेन्सिल चावत म्हणाली, "केक म्हणू."
आता सगळे सव्वीस भाग ते पिल्लू
चपटा, कुरकुरीत केक खाणार.
मुलं काही बोलणार नाहीत. मुलं सभ्य असतात.

तीन बीप वाजतात.
चौथी वाजत नाही, तिथे बोलायचं असतं.
एवढंच काय ते आमच्या धंद्याचं शास्त्र.

जेवणानंतर एकोणिसावा भाग. रात्र, नदीला पूर,
टॉगल एका ओंडक्याला अडकून हाक मारतंय.
मी मूळचा आवाज नेरिसच्या एका कानात सोडला.
त्या मुलीला हाकेच्या मधोमध उचकी लागली होती,
ती काही कागदावरची नव्हती.
नेरिसने कानावर हात दाबला.

बीप. बीप. बीप.

"माम!"

फिनेलाने कागद पाहिला. कागदावर "मम" होतं.
कॅनडात "मॉम" होतं.
"नेरिस, माम नको गं, ते तुमच्या वेल्समधलं."
"हो का? मी माम म्हटलं?"

ती नीथची. रोज सेव्हर्नच्या पोटातून, बोगद्याने येते.
मार्चमध्ये चार दिवस आली नव्हती.
परतली तेव्हा पायात नवे काळे बूट होते.
कुणी विचारलं नाही. मी चहा नेऊन दिला,
साखर घालायला विसरलो.

पुढचे सहा टेक बरोबर आले.
मम. मम. स्वच्छ, गोड, चॅनेलला हवं तसं.

संध्याकाळी एकटाच तो तुकडा पुढेमागे करत बसलो.
ओठ मिटतात, उघडतात, मिटतात.
तिन्ही शब्द बसतात त्यात.
पिल्लाच्या तोंडाला एकही परका नाही.

मी पहिला टेक लावला
आणि वहीत लिहिलं: सात.