दुसरी पट्टी

खानापुरात पुलाच्या खांबावर
काळ्या-पांढऱ्या रंगाची पट्टी आहे,
तिच्यावर मलप्रभेचं पाणी मोजतात.
खांबाच्या मागल्या अंगाला, जिकडे ऊन पोचत नाही,
तिथं आणखी एक पट्टी आहे. आकडे नसलेली.
भरमाण्णा हलगेकर ती वाचायचे.

पगार पहिल्या पट्टीचा.

मी त्यांच्या हाताखाली लागलो तेव्हा म्हणाले,
पाणी वाचायला डोळे पुरतात,
वेळ वाचायला पोटऱ्या लागतात. उतर.
उतरलो.
गुडघ्यांना एकदम आठवलं
कुंभारभट्टीच्या राखेतलं रांगणं, पोळणं,
आणि कुणीतरी बखोटीला धरून उचललेलं.
"किती?" वरनं हाक.
"गुडघाभर."
"मग तसंच लिही की."

वहीचं डावं पान सरकारी, उजवं आमचं.
आकडे कन्नड, अक्षरं मराठी;
साहेबाला आकडे पुरतात.

नद्या तीन.
निन्ने म्हणजे काल. नाव पलीकडच्या बोलीतलं,
कारण आमच्यात काल म्हटलं
की एका दिवसावर भागत नाही.
ती उलटी वाहते, चढ चढत कणकुंबीच्या डोंगरात जाते,
आणि जे जे गेलं ते तिथं चिखलात बसून असतं
दुपारच्या गव्यासारखं,
अंगावरची माशीसुद्धा न हाकता.

नाळे म्हणजे उद्या. तिचं नुसतं पात्र आहे.
पांढरी बारीक वाळू, कुणाचा पाय न लागलेली.
रात्री दिवे बंद करून ट्रॅक्टर येतात.
हुक्केरीपासून निपाणीपर्यंत कितीतरी बंगले
तिच्या वाळूचे.
तिथं मधूनच भिंतीतून रडं ऐकू येतं
अजून न झालेल्या लेकरांचं.
लोक म्हणतात, प्लास्टर नीट सुकलं नाही.

मधलीला नाव नाही.
घ्यायला जावं तर ओठ मिटेतो ती निन्नेत गेलेली.

तुळसव्वा दर अमावस्येला यायची, काखेत मडकं.
तिला एक मंगळवार हवा होता. अख्खा नव्हे,
संध्याकाळचा तेवढा:
नवरा ट्रक घेऊन चोर्ल्याच्या घाटाकडे निघाला,
आणि वळून काहीतरी म्हणाला,
इंजिनच्या आवाजात तिला ऐकू आलं नाही, तो.

भरमाण्णांनी समजावलं होतं तिला.
भाजलेल्या मडक्यात वेळ ठरत नाही,
त्याला आग आठवत असते.
कच्च्यात ठरेल,
पण कच्चं मडकं पायऱ्या चढेपर्यंत टिकायचं कसं?
ती कच्चंच आणायची.
घाटाला बावीस पायऱ्या.
पहिल्या खेपेला तिसरीवर विरघळलं.
ओटीत गोळा झालेली माती तशीच घरी,
पुन्हा चाकावर, पुन्हा अमावस्या.
मातीत काहीतरी राहत असणार प्रत्येक वेळी.
नववी. नववी. अकरावी.
भरमाण्णा गेले त्या वर्षी तेरावी.

मग खात्याकडनं डबी आली,
खांबाला बसवली, पाणी आपोआप मोजते,
बेळगावच्या ऑफिसात पडद्यावर दिसतं म्हणे.
मला सांगितलं, आता फक्त काच पुसायची.
पुसतो.
मागल्या पट्टीला डबी बसत नाही. साहेबांनी बघितली,
शेवाळ आहे म्हणाले.

परवा तुळसव्वा आली. केस पांढरे,
मडकं मात्र लहानच होत गेलेलं,
आता गडव्याएवढं.
मी कंदील धरून मोजत राहिलो.
पंधरा. सतरा. एकोणीसला बूड सुटलं,
तिनं ओंजळ लावली,
आणि ओंजळ घेऊन वर आली, बाविसावी,
पायरीवर टेकली.
मला वाटलं, पिईल.
कानाशी नेली.

बराच वेळ गेला. कुठल्या नदीतला, ते कळलं नाही.
मी विचारलं, "काय म्हणाला?"
"दार ओढून घे म्हणाला," ती म्हणाली.
"मांजर आत शिरतंय."

हसली असावी. कंदिलात तेल कमी होतं.
मातीचे हात लुगड्याला पुसून गेली,
घाईनं, कुणी घरी वाट बघत असल्यासारखी.

डाव्या पानावर: बदल नाही.
उजव्या पानावर अजून काही लिहिलेलं नाही.
पेन उघडून बसलोय, पाय पाण्यात.