घेर : एक्केचाळीस सेंटिमीटर

कुतायसी महापालिकेच्या मोजणी खात्यात
मला एकोणीस वर्षं झाली.
फीत मी घरची वापरतो.
खात्याची फीत ताणली गेलीय,
आणि ताणलेल्या फितीनं मोजलं
की सरकारची जमीन कमी भरते.

वादी : महापालिका.
प्रतिवादी : त्सियाला गोगुआद्झे, वय चौऱ्याहत्तर.
वादाची मिळकत : स्टेशनामागच्या नऊ नंबर इमारतीची
भिंतीलगतची पट्टी,
लांबी सहा मीटर दहा, रुंदी एक मीटर चाळीस.
तीवर एक लोखंडी मांडव, एक बाक
आणि एक वेल.

वेल मुळाशी सरकारी आहे.
पहिल्या मजल्यावर कुणाचीच नाही.
दुसऱ्या मजल्यावर शिक्षिका एतेरीच्या कठड्याला धरून
जरा दम खाते,
आणि तिसऱ्यावर, त्सियालाच्या खिडकीत, पिकते.
काळी इझाबेला, जाड सालीची.
एतेरी म्हणते, मला पानं तेवढी मिळतात
आणि गांधीलमाश्या.

लावली कधी? न्यायाधीशांनी विचारलं.
वीज नव्हती त्या हिवाळ्याच्या शेवटी.
वर्ष सांगा.
अंधारात कॅलेंडर कोण बघतं, साहेब?
वालिकोनं बंद कारखान्यातून पाइप आणले,
खांद्यावरून, सात किलोमीटर.
(पाइप कुणाचे, हा वेगळा दावा होईल,
म्हणून माझ्या अहवालात पाइप आहेत, वालिको नाही.)

तीस वर्षांची वहिवाट, तिचा वकील म्हणाला.
सरकारी जमिनीवर वहिवाट चढत नाही,
पालिकेची नातिया म्हणाली.
वेल मात्र चढली, मागून कुणीतरी पुटपुटलं.
हसलो सगळेच. नातियाही हसली.
कायदा तिच्या बाजूनं आहे, तिला हसायला परवडतं.

आणि नोदारचं काय?
जानेवारीत त्याच्या छातीत कळ आली तेव्हा
ॲम्ब्युलन्स मांडवाच्या खांबापाशी अडली.
चौघांनी त्याला स्वयंपाकघरातल्या खुर्चीवर बसवून
रस्त्यापर्यंत नेलं.
वाचला तो. तक्रार त्याच्या मुलानं केली.
नोदार अजून त्याच बाकावर बसतो,
मुलगा कामावरून येईपर्यंत.

खालच्या कोर्टानं सांगितलं, काढा.
वरच्या कोर्टानं विचारलं, नेमकं काय काढायचं?
मांडव, की वेल, की दोन्ही?
मूळ तोडलं तर तिसऱ्या मजल्यावरचं
खाजगी पीक वाळेल,
त्याची भरपाई कुणी द्यायची?
म्हणून फेरमोजणी. म्हणून पुन्हा मी.

गुडघे टेकून खोडाला फीत गुंडाळली.
वरून त्सियालानं दोरीनं टोपली सोडली.
मी म्हणालो, चालत नाही, मी पालिकेचा माणूस.
ती म्हणाली, जमीन तुझी, मूळ तुझं,
मग खायला काय झालं?
टोपली बराच वेळ लोंबकळत राहिली,
माझ्या डोक्यापासून एक मीटर वर,
ज्या हवेचा उतारा कुठल्याच दप्तरात नाही.

रात्री नकाशा काढायला बसलो.
जिथं बसलो ती खोली
आठ वर्षांपूर्वी उघडी बाल्कनी होती.
मी ती दीड मीटर पुढे ओढली,
खालून दोन खांब दिले.
खांब कुठं उभे आहेत
ते मी कधी मोजलं नाही.
या दिव्याखाली आजवर
माझे दोनशेच्या वर अहवाल लिहून झाले.

झाडाला खूण आहे, विजेच्या खांबाला आहे,
विहीर, गटार, पडकी भिंत, सगळ्यांना आहे.
वेलीला खूण नाही.
तक्ता दोनदा चाळला.
मग एक बारीक वर्तुळ काढलं, शेजारी लिहिलं :
अडथळा, जिवंत.
‘जिवंत’ खोडलं.
कागद तिथं पातळ झालाय,
उजेडासमोर धरला तर कळतं.

पुढची तारीख एकोणीस ऑक्टोबर.
तिच्या वकिलानं मुदत मागितलीय,
कारण दिलंय : साक्षीदार तोडणीत असतील.