थेट प्रक्षेपण

मे महिना. सेमिनरी हिल्सवरचा स्टुडिओ.
आवाज येतो म्हणून कूलर बंद,
अन् नाटकात सीमेवरची थंडी.
उकेच्या अंगावर ब्लँकेटचा कोट,
मिशीचा गोंद सुटू लागलेला.

मी तोफांवर होतो,
म्हणजे एका लांब पत्र्यावर.
बोट वर झालं की हलवायचा.

तिसऱ्या प्रवेशात प्रमिला तितरमारे
त्याला निरोप देते. संहितेत एकच शब्द: जा.
तालमीत तिनं तो चाळीसदा म्हटला,
डब्यातली वांगी वाटता वाटतासुद्धा.
दोघांचं दिवाळीतच मोडलं होतं,
कुणी बोलत नव्हतं.

लाल दिवा. ती गप्प.
चार सेकंद. महालपासून वाडीपर्यंत
घरोघरी चार सेकंद.
मग म्हणाली,
"थांब ना गा."

तो "गा" कुणी लिहिला नव्हता.
उके थांबला.
बोट वर झालेलं मला दिसलं,
पत्रा हातातच होता.
नाही हलवला.

तेवढ्यात कूलरच्या भोकातून
अंबाझरीच्या दारूगोळा कारखान्याचा भोंगा आत शिरला,
पाळी सुटल्याचा.
उकेनं मिशी दाबली
अन् गेला.

दुसऱ्या दिवशी पानठेल्यावर एकानं विचारलं,
"तो भोंगा कसा काढला जी तुम्ही?
एकदम खराच वाटला."