हनुवटीची रेघ

टेपनं डोकं मोजते मी, नाकाच्या मुळापासून
मागच्या उंचवट्यापर्यंत. छत्तीस सेंटिमीटर.
दहा टक्के, वीस टक्के, लाल पेन्सिलीच्या खुणा.
"शिंप्याकडे टोपी शिवायला टाकल्यासारखं वाटतंय,"
खळदकर हसतात. एकतीस वर्षं कात्रज–निगडी.
आता निवृत्त.

काकू बाहेर बाकावर, मनगटाला क्रेप बँडेज.
"झोपेत स्टिअरिंग वळवतात," एवढंच बोलल्या
आणि मनगट पदराखाली घेतलं.

काचेच्या अलीकडून माइकवर:
मान न हलवता डावीकडे बघा. उजवीकडे.
दात आवळा. उजवं पाऊल हलवा.
छान. झोपा आता.

रात्र इथे तीस-तीस सेकंदांच्या पानांनी येते,
प्रत्येक पानाला नाव द्यायचं.
आधी बारीक, घाईच्या लाटा,
मग मधेच चाती फिरल्यासारखी एक तुरतुर,
मग उंच, संथ. मेट्रोची शेवटची फेरी गेल्यावर
कर्वे रोड होतो तशा.
मी थर्मासमधला चहा ओतते.

पावणेतीन. पापण्यांखाली डोळे धावू लागतात.
आता अंगानं सगळं सोडून द्यायचं असतं:
स्वप्न चालू, गिअर न्यूट्रलला.
हनुवटीची रेघ सपाट व्हायला हवी.

होत नाही.

पान पाचशे शहात्तर.
उजवं पाऊल ब्रेक दाबतं, पुन्हा दाबतं,
दोन्ही हात पांघरुणावर एक भलंमोठं चाक फिरवतात
आणि स्वच्छ, खणखणीत आवाज:
"अहो आजोबा, मागं व्हा!"

मी वेळ टिपते. रुग्ण बोलला. हातांची हालचाल.
अजून एक शब्द आहे, कदाचित दहा वर्षांनंतरचा,
चमच्यातून आमटी सांडण्याचा,
शर्टाचं बटण न सापडण्याचा.
तो लिहायला माझ्या फॉर्मवर रकाना नाही.

सहाला तारा काढते. कोमट पाण्यानं
केसांतली पेस्ट पुसते.
"डोळ्याला डोळा लागला नाही हो, बाई."
माझ्याकडे सातशे पानांचा पुरावा.
"लागला होता थोडा. बाकी डॉक्टर सांगतील."
ते चपला घालतात, उजवी आधी. थांबतात.
"ते म्हातारबाबा वाचले का?"

"वाचले."

बाहेर काकू बाकावर बसल्या बसल्या गाढ झोपल्यात,
तोंड किंचित उघडं, बँडेज सैल.
डेपोतून पहिली बस निघाल्याचा आवाज येतो.
त्यांना उठवायचं कुणी,
म्हणून आम्ही दोघंही जरा वेळ
तसेच उभे.